महाराष्ट्र संस्कृतिविषयक संशोधनग्रंथ

महाराष्ट्राचा इतिहास, कला, लोकजीवन आणि दैवतसंप्रदाय यांचा साधार अभ्यास करून मराठी समाजाची घडण उलगडू पाहणारे विद्वत्तापूर्ण ग्रंथ. असे ग्रंथ एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून मराठी व इंग्रजी या दोन्ही भाषांत लिहिले गेले. महाराष्ट्र म्हणजे कोणता प्रदेश, मराठी लोक मूळचे कोण आणि त्यांना एकत्र बांधणारे सूत्र कोणते, हे प्रश्न या ग्रंथांच्या मुळाशी आहेत. त्यांची उत्तरे काळानुसार बदलत गेली. या बदलास लेखकांची मतभिन्नता हे एक कारण असले, तरी पुराव्याची साधने बदलली हे त्याहून महत्त्वाचे कारण होय. दप्तरांतील कागद, ताम्रपट व शिलालेख, उत्खननातील अवशेष, लेण्यांतील शिल्पचित्रे आणि लोकदैवतांची उपासना यांपैकी ज्या साधनास प्राधान्य मिळाले, त्याप्रमाणे इतिहासात स्थान मिळणारे समाजगटही बदलले.

पूर्वपीठिका : मराठीतील बखरवाङ्‌मय हे या ग्रंथांचे पूर्वरूप मानता येईल. कृष्णाजी अनंत सभासद याने छत्रपती राजारामाच्या कारकीर्दीत जिंजी येथे शिवचरित्र लिहिले. मात्र बखरींचा हेतू राजकुलाची कीर्ती व राजनीतीचा बोध जतन करणे हा होता. साधनांची चिकित्सा त्यांना अभिप्रेत नव्हती. मराठ्यांचा पहिला विस्तृत आधुनिक इतिहास जेम्स ग्रँट डफ (१७८९–१८५८) या स्कॉटिश अधिकाऱ्याने लिहिला. साताऱ्यास रेसिडेंट असताना त्याला मूळ कागदपत्रे पाहावयास मिळाली आणि त्यांच्या आधारे तयार केलेला तीन खंडांचा ग्रंथ १८२६ मध्ये लंडन येथे प्रसिद्ध झाला. कॅप्टन डेव्हिड केपन याने केलेले त्याचे मराठी भाषांतर शाळांतून वाचले जाऊ लागले. मराठी सत्तेचा उदय सह्याद्रीतील वणव्याप्रमाणे अवचित झाला, असा ग्रँट डफचा अभिप्राय होता. नीलकंठ जनार्दन कीर्तने यांनी तरुण वयातच या ग्रंथावर साधार टीका केली आणि मराठी माणसांनी आपला इतिहास मूळ कागदांवरून स्वतः लिहावा, या विचारास तेथून चालना मिळाली. विष्णुशास्त्री चिपळूणकर, काशिनाथ नारायण साने व जनार्दन बाळाजी मोडक यांनी १८७८ मध्ये पुण्यास सुरू केलेले काव्येतिहास-संग्रह हे मासिक त्याचेच फलित होय. १८८८ पर्यंत चाललेल्या या मासिकातून अनेक बखरी, पत्रे व जुनी काव्ये प्रथमच छापून निघाली.

राजकीय इतिहास व अस्मिता : न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे (१८४२–१९०१) यांचा राइज ऑफ द मराठा पॉवर (१९००) हा ग्रंथ ग्रँट डफला दिलेले समर्थ उत्तर मानला जातो. मराठी सत्ता हा अवचित लागलेला वणवा नसून दीर्घकाळ चाललेल्या सामाजिक व धार्मिक मंथनाचा परिपाक होता. निरनिराळ्या जातींतून आलेल्या संतांनी लोकभाषेत जी जागृती केली तिनेच राजकीय ऐक्याची भूमी तयार झाली, असे रानडे यांनी प्रतिपादन केले. त्यांच्यापूर्वी जोतीराव फुले यांनी मात्र वेगळा दृष्टिकोन मांडला होता. शिवाजी महाराजांवरील पवाड्यात (१८६९) त्यांनी राजास कुणब्यांचा कैवारी म्हणून उभे केले आणि गुलामगिरी (१८७३) या पुस्तकात बळीराजाच्या पुराणकथेचा अन्वयार्थ लावून शूद्रातिशूद्रांच्या पराभवाचा इतिहास मांडला. ही लेखने आजच्या अर्थाने संशोधनग्रंथ नव्हेत. तथापि इतिहास कोणाचा व कोणाच्या दृष्टीने लिहिला जातो, हा प्रश्न मराठीत प्रथम त्यांनी इतक्या तीव्रतेने उपस्थित केला.

विश्वनाथ काशिनाथ राजवाडे (१८६३–१९२६) यांनी साधनसंग्रहाचे कार्य एकहाती म्हणावे अशा निष्ठेने केले. गावोगाव फिरून, जुन्या घराण्यांची दप्तरे धुंडाळून त्यांनी मिळविलेल्या कागदांतून मराठ्यांच्या इतिहासाची साधने या मालेचे २२ खंड सिद्ध झाले. पहिला खंड १८९८ मध्ये निघाला व त्यात पानिपतापर्यंतच्या दशकातील, म्हणजे १७५० ते १७६१ या काळातील, पत्रे आहेत. खंडांना जोडलेल्या विवेचक प्रस्तावना हे स्वतंत्र ग्रंथच ठरावेत अशा योग्यतेच्या आहेत. संतांच्या कार्याविषयी त्यांचे मत रानडे यांच्या विरुद्ध होते : निवृत्तिपर भक्तीने समाज दुबळा झाला व रामदासांच्या उपदेशाने तो पुन्हा कर्तव्याभिमुख झाला, असे ते मानीत. १९१० मध्ये त्यांच्या पुढाकाराने पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना झाली. पुढे गोविंद सखाराम सरदेसाई (१८६५–१९५९) यांनी मराठी रियासत लिहिली आणि पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड संपादित केले. या पिढीने साधनांविषयी जी शिस्त घालून दिली तिचे मोल मोठे आहे. तथापि दप्तरे बहुतांशी सरदार, कारभारी व वतनदार यांच्या घरची होती. त्यामुळे त्यांत स्वारी, तह, वतन व सारा यांविषयी विपुल माहिती असली, तरी मेंढपाळ, कारागीर, गावकुसाबाहेरील जाती आणि स्त्रिया त्यांत क्वचितच स्वतःच्या नावाने आढळतात.

प्राचीन महाराष्ट्राचा शोध : मराठी सत्तेच्या मागे जाऊन रामकृष्ण गोपाळ भांडारकर (१८३७–१९२५) यांनी शिलालेख, ताम्रपट व नाणी यांच्या आधारे अर्ली हिस्टरी ऑफ द डेक्कन (१८८४) हा ग्रंथ लिहिला. सातवाहनांपासून यादवांपर्यंतच्या राजवंशांचा सुसंगत आलेख त्यामुळे प्रथमच उपलब्ध झाला. राजवाडे यांनी महिकावतीच्या बखरीच्या प्रस्तावनेत (१९२४) वसाहतीचा प्रश्न घेतला. उत्तरेकडून आलेले महाराष्ट्रिक व दक्षिणेतील नाग यांच्या मिश्रणातून मराठे निर्माण झाले, अशी त्यांची उपपत्ती होती. ज्ञानकोशकार श्रीधर व्यंकटेश केतकर (१८८४–१९३७) यांनी प्राचीन महाराष्ट्र (१९३५) या ग्रंथात याच प्रश्नाचा समाजशास्त्रीय दृष्टीने विचार केला.

शब्दव्युत्पत्ती व परंपरा यांवर आधारलेल्या अशा उपपत्तींना पुरातत्त्वीय उत्खननांमुळे निराळी कसोटी लागली. डेक्कन कॉलेजातील हसमुख धीरजलाल सांकलिया (१९०८–८९) व त्यांचे सहकारी यांनी जोर्वे, नेवासे, इनामगाव इ. स्थळी उत्खनने केली. नेवाशाच्या उत्खननाचा वृत्तांत १९६० मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. इ. स. पू. दुसऱ्या सहस्रकात गोदावरी व भीमा यांच्या खोऱ्यांत शेती व पशुपालन करणाऱ्या, तांबे वापरणाऱ्या वसाहती नांदत होत्या, हे या उत्खननांवरून निश्चित झाले. कोणाही राजवंशाच्या नावाशी न जोडता येणाऱ्या या शेतकऱ्यांमुळे महाराष्ट्राचा आरंभ आर्यांच्या आगमनाने मानण्याची पद्धत मागे पडली.

याच सुमारास शं. बा. जोशी (१८९६–१९९१) या कन्नड विद्वानाने मर्‍हाटी संस्कृती (१९५२) हा ग्रंथ मराठीत लिहिला. स्थलनामे, दैवते व शब्दसंग्रह यांच्या आधारे, आजच्या महाराष्ट्राचा मोठा भाग पूर्वी कन्नड संस्कृतीच्या प्रभावाखाली होता, असे त्यांनी दाखवून देण्याचा प्रयत्न केला. भाषावार प्रांतरचनेचा वाद चालू असल्याने या मताकडे सीमाप्रश्नाच्या संदर्भातही पाहिले गेले. त्यांच्या सर्व व्युत्पत्ती ग्राह्य नसल्या, तरी मराठी व कन्नड संस्कृतींचा दीर्घ सहवास नाकारून महाराष्ट्राचा इतिहास लिहिता येत नाही, ही जाणीव पुढील संशोधनात कायम राहिली.

कलाविषयक ग्रंथ : कलावशेषांचा अभ्यास हा आरंभी वर्णन व नोंद या स्वरूपाचा होता. जेम्स फर्ग्युसन व जेम्स बर्जेस यांच्या केव्ह टेंपल्स ऑफ इंडिया (१८८०) या ग्रंथात पश्चिम भारतातील लेण्यांची पद्धतशीर पाहणी आहे. अजिंठ्याच्या चित्रांच्या प्रतिकृतींचा इतिहास दुर्दैवी आहे. रॉबर्ट गिल याने केलेल्या बहुतेक प्रतिकृती १८६६ मध्ये लंडन येथील क्रिस्टल पॅलेसच्या आगीत नष्ट झाल्या. त्यानंतर मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेतील जॉन ग्रिफिथ्स व त्याचे विद्यार्थी यांनी तयार केलेल्या प्रतिकृतींपैकीही अनेक १८८५ मध्ये लंडनमध्येच जळाल्या. त्यामुळे ग्रिफिथ्सचे दोन खंड (१८९६–९७) आणि गुलाम याझदानी यांचे अजंता (चार भाग, १९३०–५५) यांना, मूळ चित्रे झिजत असताना, साधनग्रंथांचे महत्त्व प्राप्त झाले.

लेण्यांचा काळ व आश्रयदाते हा वादाचा विषय होता. वासुदेव विष्णु मिराशी (१८९३–१९८५) यांनी सोळाव्या लेण्यातील खंडित लेखाचे वाचन करून ते लेणे वाकाटक नृपती हरिषेण याचा मंत्री वराहदेव याने कोरविले, हे स्पष्ट केले. वाशीम येथे १९३९ मध्ये मिळालेल्या ताम्रपटामुळे वाकाटकांच्या वत्सगुल्म शाखेवर प्रकाश पडला. त्यांच्या वाकाटक लेखांच्या संग्रहामुळे (१९६३) विदर्भ हा प्राचीन संस्कृतीचा एक मुख्य आधार म्हणून पुढे आला आणि पुणे-सातारा परिसराभोवती केंद्रित झालेल्या इतिहासास दुसरे केंद्र लाभले. वॉल्टर स्पिंक या अमेरिकन कलेतिहासकाराने पुढे अजिंठ्याची उत्तरकालीन लेणी हरिषेणाच्या काळातील जेमतेम वीस वर्षांत कोरली गेली, असे मत मांडले. त्याचा २००५ पासून खंडशः प्रसिद्ध झालेला ग्रंथ सर्वमान्य नसला, तरी लेण्यांच्या कालक्रमाची कोणतीही चर्चा त्याला टाळून होत नाही.

समाज व दैवते : १९५० नंतर मानवशास्त्र व लोकसंस्कृती यांच्या अभ्यासाने विषयाची मांडणी पालटली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी द अनटचेबल्स (१९४८) या ग्रंथात गावकुसाबाहेरील वस्तीचे मूळ शोधले. टोळीयुद्धांत पांगलेले लोक रखवालदार म्हणून गावाच्या कडेला राहिले व बौद्ध धर्मास चिकटून राहिल्याने पुढे अस्पृश्य ठरले, अशी त्यांची उपपत्ती आहे. तीविषयी मतभेद असले, तरी अस्पृश्यता ही वंशभेदातून आलेली नसून ती इतिहासक्रमात निर्माण झाली, हा तिचा मुख्य सिद्धांत महत्त्वाचा आहे. इरावती कर्वे (१९०५–७०) यांच्या मराठी लोकांची संस्कृती (१९५१) या ग्रंथात जाती, आप्तसंबंध व विवाहपद्धती यांवरून महाराष्ट्र हा उत्तर व दक्षिण यांच्या सांध्यावरील प्रदेश कसा ठरतो, हे दाखविले आहे. पंढरीच्या वारीवरील आपल्या लेखात, ज्या प्रदेशातील लोक वारीस जातात तो महाराष्ट्र, अशी व्याख्या त्यांनी सुचविली आणि त्याच लेखात दिंड्यांतून जेवणाच्या पंक्ती जातवार बसतात, हेही नोंदविले.

दामोदर धर्मानंद कोसंबी (१९०७–६६) यांनी मिथ अँड रिॲलिटी (१९६२) मध्ये पुणे परिसरातील मातृदेवतांच्या ठाण्यांची पायी पाहणी करून, ती पशुपालकांच्या प्राचीन वाटा व व्यापारी मार्ग यांच्या छेदबिंदूंवर असल्याचे प्रतिपादन केले. तेथे सापडणारी सूक्ष्मास्त्रे आणि शेंदूर फासलेला तांदळा यांना त्यांनी एकाच इतिहासाचा पुरावा मानले. गुंथर सोन्थायमर (१९३४–९२) या जर्मन विद्वानाचा बिरोबा, म्हस्कोबा व खंडोबा यांवरील ग्रंथ (१९७६) धनगरांच्या मौखिक ओव्यांवर आधारलेला आहे. रामचंद्र चिंतामण ढेरे (१९३०–२०१६) यांनी लज्जागौरी (१९७८) मध्ये शिरोहीन मातृकामूर्ती, वारूळ व घट यांची उपासना एकत्र अभ्यासली. त्यांच्या श्रीविठ्ठल : एक महासमन्वय (१९८४) या ग्रंथात विठ्ठल हा मूळचा गवळी-धनगरांचा देव असून वैष्णव परंपरेने त्याचे उन्नयन केले, असे मांडले आहे. पट्टण कोडोली येथील विठ्ठल-बीरदेव हे जोडदैवत, व्यंकटेशाशी असलेले साम्य आणि संतांनीच देवाला दिलेले ‘कानडा’ हे विशेषण यांचा त्यांनी आधार घेतला. या ग्रंथास साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला (१९८७). ज्या मेंढपाळांची नोंद दप्तरांत क्वचितच होती, ते अशा रीतीने महाराष्ट्राच्या प्रमुख दैवताच्या इतिहासात अग्रभागी आले. गी प्वातव्हँ व हेमा राईरकर यांनी जात्यावरील ओव्यांचा केलेला अभ्यास (१९९६) हा ग्रामीण स्त्रियांच्या शब्दांना साधनाचा दर्जा देणारा याच दिशेचा प्रयत्न होय.

राज्यनिर्मितीनंतर : १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर साहित्य संस्कृती मंडळ व विद्यापीठे यांच्यामार्फत अशा ग्रंथांना आश्रय मिळाला. पु. ग. सहस्रबुद्धे यांचा महाराष्ट्र संस्कृती (१९७९) हा समग्र आढावा या काळातील होय. अ. रा. कुलकर्णी यांनी शिवकालीन महाराष्ट्राच्या अभ्यासात (१९६९) लढायांऐवजी शेती, वतन व व्यापार यांना महत्त्व दिले. शरद पाटील यांनी दास-शूद्रांची गुलामगिरी (१९८२) मध्ये जात व स्त्रीसत्ता यांचा विचार केला. दुसरीकडे अस्मिता जसजशी राजकीय होत गेली, तसतसे चिकित्सेसमोर संकटही उभे राहिले. जेम्स लेन याच्या शिवाजी महाराजांवरील ग्रंथातील (२००३) मजकुरावरून क्षोभ उसळला. ५ जानेवारी २००४ रोजी जमावाने पुण्यातील भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरावर हल्ला केला. त्यात संस्थेच्या ग्रंथसंग्रहाचे नुकसान झाले. शासनाने ग्रंथावर घातलेली बंदी उच्च न्यायालयाने रद्द केली व सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये तो निर्णय कायम केला. प्राची देशपांडे यांचा क्रिएटिव्ह पास्ट्स (२००७) हा ग्रंथ बखरींपासून १९६० पर्यंतच्या इतिहासलेखनातून मराठी अस्मिता कशी घडली, याचाच शोध घेतो.

मूल्यमापन : या ग्रंथांनी महाराष्ट्राचे वर्णन केले आणि त्याचबरोबर महाराष्ट्र या कल्पनेस आकारही दिला. रानडे यांची संतप्रणीत एकात्मता, राजवाडे यांचे क्षात्रकर्तव्य, कर्वे यांची वारी व ढेरे यांचा समन्वय या संकल्पना भाषणांत, पाठ्यपुस्तकांत व सार्वजनिक व्यवहारात रूढ झाल्या. मात्र त्यांमागील पुरावा व मूळ लेखकांनी घातलेल्या मर्यादा पुष्कळदा बाजूस पडल्या. राजवाडे यांची उपपत्ती आज मान्य होत नाही, परंतु त्यांनी जमविलेले कागद आजही वापरले जातात. आगीतून वाचलेल्या प्रतिकृती व छापलेली चित्रपत्रे यांच्याशी ताडून अजिंठ्याची झालेली झीज आजही पाहता येते. मोडी व फार्सी वाचणारे अभ्यासक कमी होत असताना अनेक दप्तरे अद्यापि अवाचित आहेत. मौखिक परंपराही तिचे धारक वृद्ध होत असल्याने क्षीण होत आहे. ही साधने राखली जाण्यावर व ती निर्भयपणे तपासण्याची मोकळीक असण्यावर या क्षेत्रातील पुढील संशोधन अवलंबून आहे.