नोंद कुणाच्या हाती? : ‘आधार’च्या तंत्रनिवडीची गोष्ट

१/ सप्टेंबर २०२३. जालना जिल्ह्यातील अंतरवाली सराटीचे आंदोलन राज्यभर गाजत होते. पाठोपाठ मराठवाड्यात जुन्या कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला आणि मोडी, उर्दू, फारसी वाचणाऱ्यांची निकड भासू लागली. कागद होते, वाचणारे मोजके उरले होते.

२/ नोंद कोणत्या माध्यमात ठेवली, यावर पुढच्या पिढ्या कुणावर विसंबून राहतील हे ठरते. २००९ मध्ये स्थापन झालेल्या विशिष्ट ओळख प्राधिकरणापुढे हाच प्रश्न नव्या रूपात उभा राहिला. अध्यक्ष होते नंदन निलेकणी, तर मुख्य तंत्ररचनाकार प्रमोद वर्मा.

३/ कामाचा आवाका पाहा. प्रत्येक नवी नोंद आधीच्या सर्व नोंदींशी ताडून पाहायची. आधीच्या नोंदी ६० कोटी आणि दिवसाला नव्या १० लाख धरल्या, तर रोजच्या तुलना होतात ६०० लाख कोटी!

४/ एकाच कंपनीची महागडी यंत्रे व बंदिस्त सॉफ्टवेअर घेणे सोपे होते. पण मग देशाची नोंदवही त्या कंपनीच्या अटींना बांधली गेली असती. म्हणून निवड झाली ती बाजारात सहज मिळणाऱ्या सर्व्हरांची, लिनक्सची, जावाची आणि मायएसक्यूएल, हडूप यांसारख्या मुक्त-स्रोत साधनांची.

५/ बोटांचे ठसे व बुबुळे जुळवणारे सॉफ्टवेअर मात्र खासगी कंपन्यांचेच होते. तिथे एकाऐवजी तीन पुरवठादार नेमले आणि तिघांनाही एकच मानक जोडणी सक्तीची केली. ज्याचे काम अचूक व वेगवान, त्याला अधिक काम.

६/ २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली गावात पहिले आधार क्रमांक दिले गेले. एप्रिल २०१६ मध्ये संख्या १०० कोटींवर पोहोचली.

७/ तथापि, पुरवठादारापासून मिळालेले स्वातंत्र्य म्हणजे नागरिकाचे स्वातंत्र्य नव्हे. कष्टाने बोटांच्या रेषा झिजलेल्या मजुराचा ठसा रेशन दुकानातील यंत्राने नाकारला, तर आतली प्रणाली मुक्त-स्रोत आहे याचा त्याला काय उपयोग? २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आधार कायदा बहुतांशी वैध ठरवला. मात्र खासगी कंपन्यांच्या वापराला आळा घातला.

८/ मोडीतला कागद निदान शिकून वाचता येतो. संगणकातल्या नोंदीत आपले नाव चुकले, तर ते दुरुस्त करण्याचा अधिकार कुणाच्या हाती आहे? दप्तरांच्या इतिहासात खरी सत्ता नेहमी तिथेच सापडते.