१०८ वनवास

बारामती एमआयडीसीतून आपे रिक्षा बाहेर पडतात, त्या एका साच्यातल्या. पहिली पाहिली की शंभरावी पाहायला नको. पण याच गावात दोनशेहून अधिक वर्षांपूर्वी एक गृहस्थ एकच माल दर खेपेला नव्या घडणीचा काढीत बसले होते. मोरोपंत पराडकर (१७२९–१७९४). जन्म पन्हाळ्याचा, बाबूजी नाईकांच्या आश्रयाने इथे राहिलेले पुराणिक.

पंतांनी १०८ रामायणे रचली म्हणतात. आमच्या कॉमर्सच्या डोक्याने लगेच गुणाकार केला. एका रामायणात १४ वर्षे वनवास, म्हणजे रामाला एकूण १५१२ वर्षे! एवढी शिक्षा कैकेयीलासुद्धा सुचली नव्हती.

त्यातले निरोष्ठ रामायण तर कमालच. अट अशी, की म्हणताना ओठाला ओठ लागता कामा नये. प, फ, ब, भ, म हद्दपार. आता राम, लक्ष्मण, भरत, मारुती, बिभीषण, सगळ्यांच्या नावात नेमकी तीच अक्षरे! आमच्या आज्या जन्मभर नाव न घेता नवऱ्याचा संसार करीत, त्यातलीच ही गत.

कोणी म्हणेल, ही शब्दांची कसरत झाली, भक्ती कुठाय? अहो, ज्याचे नाव ओठावर येऊ द्यायचे नाही, त्याचीच आठवण अक्षराअक्षराला ठेवावी लागते. शिवाय अयोध्या आली की गोष्ट संपते, निरोप घ्यावा लागतो. पंतांना तो घेववत नसावा. म्हणून ते रामाला पुन्हा वनात धाडतात, आणि सोबत आपणही निघतात.