नागपूर उच्च न्यायालयातील न्यायमूर्ती व कार्यालय : १९५६ च्या स्थलांतराच्या संदर्भात

न्यायालयाचा इतिहास म्हणजे न्यायमूर्तींची नामावली, असा समज अभ्यासकांतही रूढ आहे. नागपूरची नामावली तेजस्वी आहे यात शंका नाही. जानेवारी १९३६ मध्ये न्यायिक आयुक्तांच्या न्यायालयाच्या जागी उच्च न्यायालय स्थापन झाले. सर गिल्बर्ट स्टोन हे पहिले मुख्य न्यायमूर्ती होत. पुढे व्हिव्हियन बोस व एम. हिदायतुल्ला यांनी ते पद भूषविले. दोघेही नंतर सर्वोच्च न्यायालयात गेले. परंतु लिपिक, लघुलेखक व भाषांतरकार यांचा विचार केल्याखेरीज १९५६ चे स्थित्यंतर उलगडत नाही, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

मध्य प्रांत व वऱ्हाड हा द्विभाषिक प्रदेश होता. अकोल्याचा पक्षकार मराठी, रायपूरचा हिंदी. उच्च न्यायालयाचे कामकाज मात्र इंग्रजीत. इंग्रज न्यायमूर्तींपुढे खरेदीखत किंवा दत्तकपत्र पोहोचे ते भाषांतरकाराच्या शब्दांत. ‘मालगुजारी’ किंवा ‘इजारा’ यांना कोणता इंग्रजी प्रतिशब्द द्यावा, हा निव्वळ कोशाचा प्रश्न नव्हता. त्यावर हक्काचे स्वरूप ठरू शकत असे. अमेरिकेतील विधी लिपिक निकालाचा मसुदा करतो. येथील लिपिक मसुद्याला हात लावत नसे, पण न्यायमूर्तींसमोर येणारा कागद त्याच्याच हातून जाई. हे काम दुय्यम कसे म्हणावे?

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्य पुनर्रचना अमलात आली. विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले. नागपूर उच्च न्यायालय मध्य प्रदेशाचे उच्च न्यायालय म्हणून जबलपूरला गेले, हिदायतुल्लाही तेथे गेले. नागपुरात मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती बसू लागले. न्यायमूर्तींची बदली एका आदेशाने होते. दप्तराची होत नाही. वऱ्हाडचे अपील कोणते, महाकोशलचे कोणते, हे नोंदवह्या पाहूनच ठरवावे लागते. शिवाय राज्यघटनेच्या अनुच्छेद २२९ नुसार कर्मचाऱ्यांच्या नेमणुका मुख्य न्यायमूर्तींच्या अखत्यारीत येतात. नागपुरातच राहिलेल्या लिपिकाची खुर्ची हलली नाही, परंतु त्याचे मुख्य न्यायमूर्ती मुंबईचे झाले.

१९५३ च्या नागपूर कराराने उच्च न्यायालयाचे दुसरे पीठ नागपुरात राहील असे मान्य केले होते. मुंबई पुनर्रचना अधिनियम, १९६० च्या कलम ४१ ने किमान तीन न्यायमूर्ती नागपुरात बसतील अशी तरतूद केली. एखादे प्रकरण मुंबईत चालविण्याचा अधिकार मात्र मुख्य न्यायमूर्तींकडे राहिला. कार्यालयाविषयी या कलमात शब्द नाही. १९५६ मध्ये विशीत असलेला कर्मचारी आज नव्वदीच्या घरात आहे. त्या वर्षीच्या गाड्याभर दप्तराची वाटणी कोणी, कशी केली, हे विचारण्यास यापुढे फार अवधी उरलेला नाही.