दामदुपटीचे कुंपण

‘दामदुप्पट’ हा शब्द अलीकडे कानावर पडतो तो ठेवींच्या जाहिरातींतून. इतके महिने पैसे ठेवा आणि दुप्पट घेऊन जा, असा त्याचा प्रचलित अर्थ आहे. १९८८ साली किसान विकास पत्रे निघाली तेव्हा साडेपाच वर्षांत दुप्पट हीच त्यांची ओळख होती. परंतु आपल्या धर्मशास्त्रात, आणि मागाहून मुंबई इलाख्याच्या न्यायालयांत, हा शब्द नांदला तो नेमक्या उलट अर्थाने. दामदुपट हे धनकोला दिलेले आश्वासन नव्हते; ते त्याच्याभोवती घातलेले कुंपण होते. मुद्दल शंभर असेल तर व्याजापोटी एका वेळी शंभराहून अधिक मागता येणार नाही, एवढाच तो नियम. या कुंपणाचा इतिहास आम्ही येथे सांगू इच्छितो. घर गहाण ठेवून घर घेणारा आजचा गृहस्थ ज्या कर्जात वीस-वीस वर्षे राहतो, त्याची खरी किंमत हे कुंपण कोठे मोडले हे कळल्यावाचून कळत नाही.

मनूने आठव्या अध्यायात व्याजाचा दर सांगितला आहे तो वसिष्ठाच्या आधाराने: दरमहा मुद्दलाचा ऐंशीवा हिस्सा. म्हणजे दरमहा शेकडा सव्वा, वर्षाला पंधरा. दर काही हलका नव्हे. पण लगेच पुढे मर्यादाही येते, आणि ती दराला नसून बेरजेला आहे, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. दर कितीही असो, काळ कितीही लोटो, व्याज मुद्दलाइतके झाले की तेथे थांबले. ऋणकोचा घात दर करीत नाही, काळ करतो, हे त्या स्मृतिकाराने ओळखले होते.

मात्र त्या वचनात एक लहानसा शब्द आहे, ‘सकृत्’, म्हणजे एकदम, एका खेपेस. वकिली व्यवसायात आयुष्य गेलेल्या माणसाचे लक्ष असल्या शब्दावर आधी जाते. विज्ञानेश्वराचेही गेले होते. बिदर जिल्ह्यातील ज्या गावास आज बसवकल्याण म्हणतात, त्या कल्याणच्या चालुक्य राजधानीत बसून त्याने याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा लिहिली. त्याने स्पष्टच सांगितले की दुपटीची मर्यादा एकदम घेतलेल्या व्याजाला आहे. दररोज, दरमहा वा दरसाल थोडेथोडे घेतलेले व्याज मिळून दुपटीपलीकडे गेले तरी चालेल. कुंपणाला ठेवलेले हे फाटक पुढे आठ-नऊशे वर्षांनी केवढ्या वर्दळीचे होणार आहे, याची त्या काळी कोणास कल्पना असणार?

गहाणाविषयीही स्मृतिकार बारकाईने बोलतात. जी वस्तू वापरून फळ मिळते ती धनकोच्या ताब्यात असेल तर तिच्यावर वेगळे व्याज घेऊ नये, असे मनू म्हणतो. याज्ञवल्क्य सांगतो की कर्ज दुप्पट होऊनही सोडवले नाही तर गहाण बुडते. पण ज्याचे उत्पन्न धनको खात आहे असे गहाण कधीच बुडत नाही. शेत धनकोने कसले, घराचे भाडे धनकोने घेतले, तर त्याचा मोबदला त्याला मिळतच आहे. मग मालकाचा हक्क कशाकरिता नष्ट व्हावा? ही दृष्टी आम्हांस फार न्याय्य वाटते.

आता तीच गोष्ट धनकोच्या अंगणातून पाहू. देवळापुढे नंदादीप अखंड तेवावा म्हणून कोणी रक्कम ठेवतो. मुद्दलाला हात लावायचा नाही, व्याजातून तेल घालायचे, ही रीत वाचकांस परिचित आहे. तिचा एक अतिप्राचीन लेखी पुरावा नाशिकच्या लेण्यांत आहे. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने बेचाळीसाव्या वर्षी तेथील बौद्ध संघासाठी तीन हजार कार्षापण गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणींकडे ठेवले: दोन हजार दरमहा शेकडा एक दराने, एक हजार दरमहा शेकडा पाऊण दराने. पहिल्या रकमेच्या व्याजातून वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण वस्त्रांसाठी मिळावयाचे. हिशोब चोख आहे: दोन हजारांचे सालिना व्याज दोनशे चाळीस. मुद्दल परत करायचे नाही, व्याज मात्र भोगायचे, असे लेखात स्वच्छ कोरले आहे. याला अक्षयनीवी म्हणत. धर्मादायात ती शोभते. परंतु जे दात्याला अक्षय तेच देणेकऱ्याच्या बाजूने पाहिले तर न संपणारे असते, आणि दामदुपटीचा नियम झाला तो नेमका खाजगी ऋण अक्षयनीवी होऊ नये म्हणून.

इंग्रजी अमलात या कुंपणाची गत विचित्र झाली. १८५५ च्या कायद्याने व्याजावरील जुने निर्बंध उठले आणि उभयपक्षी ठरेल तो दर खरा असे झाले. तरीही मुंबई इलाख्यात, म्हणजे पुण्यापासून बेळगाव-धारवाडपर्यंत, ऋणको हिंदू असल्यास न्यायालये दामदुपट मानीत राहिली. कलकत्ता शहरात ती मानली जाई, मद्रासेत नाही. मग कुंपण तर शाबूत राहिले. पण त्याला वळसा घालण्याची वाट एका सद्हेतूच्या कायद्यानेच काढून दिली.

१८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या खतावरील दाव्याला तीन वर्षांची मुदत घातली. हेतू असा की सावकाराने जुनी खते वर्षानुवर्षे दाबून ठेवून कुणब्याला छळू नये. घडले काय? तिसरे वर्ष संपत आले की सावकार नवे खत लिहून मागे. मागचे मुद्दल आणि थकलेले व्याज मिळून नव्या खताचे मुद्दल होई. न्यायालयांनी असे धरले की नव्या कराराने व्याजाचे मुद्दल झाले म्हणजे दामदुपट त्या नव्या मुद्दलावर मोजायची. उदाहरणाने पाहा. शंभर रुपये, दरसाल शेकडा चोवीस, सरळ व्याज. तीन वर्षांनी १७२ चे खत. सहा वर्षांनी सुमारे २९६ चे. नऊ वर्षांनी ५०९ चे. एकही खत दामदुपटीचा भंग करीत नाही, आणि तरी शंभराचे पाचशे झालेले असतात.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे बाजाराच्या दिवशी जो दंगा झाला आणि नगर जिल्ह्यापर्यंत पसरला, त्यात लोकांनी प्रामुख्याने मागितली आणि जाळली ती खते. सावकाराचा जीव वा धान्य हे मुख्य लक्ष्य नव्हते. कागद हे होते. शेतकऱ्याला चक्रवाढ कोष्टक येत नसेल, पण आपले घरदार कोठे अडकले आहे हे त्याला बरोबर ठाऊक होते. सरकारने आयोग नेमला, आणि १८७९ साली दख्खन शेतकरी संकटनिवारण कायदा पुणे, सातारा, सोलापूर व नगर या जिल्ह्यांसाठी झाला. त्याचे मर्म एका कलमात आहे: न्यायाधीशाने शेवटच्या खतापाशी थांबू नये, व्यवहाराच्या मुळापर्यंत जावे, मुद्दल वेगळे काढावे, व्याज वेगळे काढावे, आणि मग देणे ठरवावे. आमच्या मते त्या शतकातील शहाणपणाच्या कलमांत याची गणना व्हावी.

गहाण सोडवण्याच्या हक्काची कथा याला समांतर चालते. मुदतीत पैसे न फेडल्यास गहाण तीच खरेदी समजावी, अशी अट जुन्या दस्तांत सर्रास असे. १८६४ साली रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने ही अट मालकाचा सोडवण्याचा हक्क बुडवू शकत नाही असे ठरवले. प्रिव्ही कौन्सिलला १८७० मध्ये एका मद्रासी खटल्यात हे मत रुचले नाही. तेथे कराराचा शब्द प्रमाण मानला गेला. शेवटी १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या साठाव्या कलमाने तो हक्क लेखी झाला: एकदा गहाण ते कायम गहाण.

तेथून आजच्या घरकर्जाकडे येऊ. १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी गृहवित्तासाठी एचडीएफसी स्थापन केली आणि मध्यमवर्गीय माणसाला पगारावर दीर्घ मुदतीचे घरकर्ज मिळण्याची वाट प्रशस्त झाली; १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक आली. याचे श्रेय निखालस द्यावयास हवे. पूर्वी निवृत्तीच्या वेळी फंड हाती आल्यावर घर होई, ते आता तिशीत होते. परंतु या कर्जाचे साधन जो समान मासिक हप्ता, तो विज्ञानेश्वराच्या त्या फाटकातून आत आलेला आहे. व्याज दरमहा घेतले जाते. ते कधी साचत नाही. म्हणून दुपटीचा प्रश्न एका वेळी कधी उभाच राहत नाही.

तीस लाखांचे कर्ज, दरसाल शेकडा नऊ, मुदत वीस वर्षे, असे धरू. हप्ता सुमारे २६,९९२ रुपये बसतो. वीस वर्षांत एकूण भरणा ६४ लाख ७८ हजार. त्यात व्याज ३४ लाख ७८ हजार. म्हणजे मुद्दलाहून जास्त. पहिल्या हप्त्यात २२,५०० व्याजाचे आणि मुद्दलाचे अवघे ४,४९२ असतात. दहा वर्षे सरली की भरलेली रक्कम ३२ लाख ३९ हजार झालेली असते, घेतलेल्या कर्जाहून अधिक. आणि तरी देणे २१ लाख ३० हजारांच्या घरात उरते. मुद्दल निम्म्यावर येते ते चौदा वर्षे पूर्ण होताना. आमच्याकडे कागद घेऊन येणारे पक्षकार या आकड्यावर हमखास म्हणतात, “वकीलसाहेब, बँकेने काहीतरी चूक केली आहे.” चूक नसते. उरलेल्या मुद्दलावर व्याज, इतकाच तो सरळ हिशोब असतो.

मुदत वाढवली तर? तीस वर्षांना हप्ता २४,१३९ होतो. महिन्याला २,८५३ रुपयांची सवलत दिसते. त्या सवलतीची किंमत एकूण व्याजात २२ लाखांहून अधिक पडते. उलट पंधरा वर्षांना हप्ता ३०,४२८ आणि व्याज पावणेपंचवीस लाखांच्या आसपास. येथे दुपट होत नाही. दर तिन्ही ठिकाणी एकच आहे, नऊ. बदलला तो केवळ काळ.

याहून कठीण प्रकार बदलत्या दराचा. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चारवरून साडेसहावर गेला. पुष्कळ कर्जदारांचा हप्ता तसाच राहिला, म्हणून त्यांना काही झाले असे वाटलेच नाही. मुदत मात्र मागल्या दाराने लांबत गेली. वरच्याच कर्जात अगदी आरंभी दर साडेदहा झाला आणि हप्ता २६,९९२ च ठेवला, तर वीस वर्षांचे कर्ज ३४ वर्षांवर जाते आणि एकूण भरणा एक कोटी अकरा लाखांपलीकडे पोचतो. तिसऱ्या वर्षी खत फिरवणारा सावकार निदान कुणब्याचा अंगठा तरी घेई. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने ही त्रुटी बरीचशी दूर केली: दर फिरला की त्याचा हप्त्यावर व मुदतीवर परिणाम कळवावा आणि हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे वा काही रक्कम आधी फेडणे यांतील निवड कर्जदाराला द्यावी. असे पत्र घरी येते तेव्हा ते विजेच्या बिलांबरोबर खुंटीला अडकवू नये, एवढे आम्ही अवश्य सांगू.

आधी फेडण्याचा मार्गही मोकळा आहे. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेऊ नये, असे बँकांना २०१२ पासून बंधन आहे. दरसाल एक हप्ता जादा भरला तरी वरील वीस वर्षांच्या कर्जातली साडेतीन वर्षांच्या आसपास मुदत तुटते आणि सात लाखांच्या आसपास व्याज वाचते. जादा भरणा आरंभीच्या वर्षांत केला तर त्याचे बळ अधिक, कारण तो थेट मुद्दलावर पडतो.

दामदुपट पुरती गेली का? नाही. १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने गहाणाच्या एका खटल्यात तिचे तत्त्व मान्य केले. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्याने तर परवानाधारक सावकाराला मुद्दलाहून अधिक व्याज वसूलच करता येत नाही असे ठरवले. मनूचे फाटकही त्याने बंद केले. पण बँका त्या कायद्याच्या बाहेर आहेत. आणि १९८४ मध्ये बँकिंग कायद्यात घातलेल्या २१-अ कलमाने व्याज अवाजवी आहे एवढ्या कारणासाठी बँकेचा हिशोब न्यायालयाला उकरता येत नाही. म्हणजे १८७९ च्या त्या शहाण्या कलमाच्या नेमके विरुद्ध टोक. बँक नियंत्रणाखाली असते, तिचा दर सावकाराच्या दरापुढे सौम्य असतो, हे खरे. तथापि न्यायासनाने मुळापर्यंत जाण्याचा रस्ता बुजवला गेला, याची खंत आम्हांस वाटते.

सोडवण्याचा हक्कही आखडला आहे. २००२ च्या सरफेसी कायद्याने धनकोला न्यायालयात न जाता, साठ दिवसांच्या नोटिशीनंतर तारण ताब्यात घेता येते. २०१६ च्या दुरुस्तीने आणि २०२३ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने असे झाले की लिलावाची जाहीर नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच कर्जदाराने घर सोडवावे. नंतर पैसे घेऊन धावत जाण्यात अर्थ नाही. एकदा गहाण ते कायम गहाण, परंतु नोटिशीच्या तारखेपर्यंत.

फेडीच्या पावतीविषयी याज्ञवल्क्याने दोन गोष्टी सांगितल्या आहेत: अंशतः दिलेले पैसे खताच्या पाठीवर लिहावेत, आणि संपूर्ण फेड झाली की खत फाडावे. पहिलीचे आजचे रूप म्हणजे बँकेचे सालिना विवरणपत्र. ते मागून घ्यावे आणि मुद्दलाचा रकाना वाचावा. दुसरीला रिझर्व्ह बँकेने अलीकडे नवे रूप दिले आहे. डिसेंबर २०२३ पासून, कर्ज फिटल्यावर तीस दिवसांच्या आत घराचे मूळ दस्तऐवज मालकाच्या हाती परत द्यावयाचे; धनकोच्या दोषाने उशीर झाल्यास दर दिवसाला पाच हजार रुपये कर्जदाराला द्यावे लागतात.