दातांच्या मुळाशी

आम्ही कवींनी दातांना मोत्यांची, डाळिंबाच्या दाण्यांची उपमा दिली; हिरडीखाली काय चाललंय तिकडं कुणी पाहिलं नाही. ते पाहिलं एका जर्मन दंतवैद्यानं. नोव्हेंबर १८९५ मध्ये रॉन्टगेन यांना क्ष-किरण सापडले. पुढच्याच जानेवारीत ब्राउनश्वाइगच्या ऑटो वाल्खॉफ यांनी काळ्या कागदात गुंडाळलेली काचेची पट्टी तोंडात धरली आणि २५ मिनिटं निश्चल राहून स्वतःच्याच दातांचा फोटो काढवला.

मला मात्र न्यू ऑर्लिन्सचे एडमंड केल्स अधिक अस्वस्थ करतात. १८९६ पासून ते रुग्णांचे फोटो काढत होते. १८९९ मध्ये त्यांनी दाताच्या मुळात शिशाची तार घालून फोटो घेतला, मुळाची खोली कळली. आजही रूट कॅनाल करताना असा फोटो लागतो. पण यंत्र नीट चालतंय का, हे पाहायला केल्स आपलाच हात किरणांसमोर धरायचे. कर्करोग झाला. आधी बोटं गेली, मग हात. १९२८ मध्ये त्यांनी स्वतःचं आयुष्य संपवलं. बॉस्टनचे विल्यम रोलिन्स १९०१ पासून धोका सांगत होते. फारसं कुणी मनावर घेतलं नाही.

दोन दातांच्या फटीतली कीड आरशात दिसत नाही. फोटोत ती काळी उमटते, कारण पोखरलेल्या जागेतून किरण सहज पार होतात. १९२५ मध्ये हॉवर्ड रेपर यांनी चावून धरायची फिल्म आणली आणि वरचे-खालचे दात एकदम दिसू लागले. परवा माझ्याही दाढेचा असा फोटो निघाला, क्षणात. बटण दाबण्याआधी डॉक्टर खोलीबाहेर गेले होते.