लेगो
डेन्मार्कमधील खेळणी बनवणारी कंपनी. ओले कर्क क्रिस्टियानसेन या सुताराने १९३२ मध्ये बिलुंड येथे ती सुरू केली. आरंभी खेळणी लाकडी होती. वर गोल उंचवटे आणि आत पोकळ नळ्या असलेल्या प्लॅस्टिकच्या विटेचे पेटंट १९५८ चे. तेव्हाची वीट आजच्या विटेतही घट्ट बसते.

२००३ च्या सुमारास कंपनी बुडण्याच्या बेतात होती. गंमत म्हणजे, कारण नावीन्याचा अभाव नव्हे, अतिरेक होता. मनोरंजन उद्याने, कपडे, व्हिडिओ गेम असा पसारा वाढला. ‘गॅलिडॉर’सारख्या खेळण्यांत तर बांधायला फारसे काही उरलेच नव्हते. सुट्या भागांचे प्रकार सुमारे १३ हजारांवर गेले आणि प्रत्येक नव्या आकाराला महागडा साचा लागे. २००४ मध्ये प्रमुख झालेल्या युर्गन विग क्नुडस्टॉर्प यांनी हे प्रकार जवळजवळ निम्म्यावर आणले, लेगोलँड उद्यानांतील मोठा हिस्सा विकला आणि रचनाकारांना आहेत त्याच विटांतून नवे काढायला लावले. पुढे ‘निन्जागो’ (२०११), मुलींसाठीचे ‘फ्रेंड्स’ (२०१२) आणि चाहत्यांच्या कल्पनांवर बेतलेले ‘आयडियाज’ हे संच आले. २०१४ च्या ‘द लेगो मूव्ही’ने तर स्वतःची जाहिरातच लोकांना तिकीट काढून पाहायला लावली.