क्रॅश लँडिंग ऑन यू : पहिला भाग

‘क्रॅश लँडिंग ऑन यू’ या दक्षिण कोरियन प्रेममालिकेचा पहिला भाग १४ डिसेंबर २०१९ रोजी टीव्हीएन वाहिनीवर प्रसारित झाला. लेखन पार्क जी-उन, दिग्दर्शन ली जंग-ह्यो. भारतात ही मालिका नेटफ्लिक्सवर आली.

सोलमधल्या धनाढ्य घराण्यातली उद्योजिका युन से-री (सोन ये-जिन) पॅराग्लायडिंगला जाते, वावटळीत सापडते आणि सरहद्दीपल्याड जाऊन पडते. भानावर येते तेव्हा ती झाडाला लोंबकळते आहे आणि खाली उत्तर कोरियाचा कॅप्टन री जंग-ह्योक (ह्युन बिन) शस्त्र रोखून उभा आहे. तिची समजूत अशी, की तोच सीमा ओलांडून दक्षिणेत आलाय! आपण कुठे आहोत हे उमगल्यावर तिची पाचावर धारण बसते. तेवढ्यात कॅप्टनचा पाय भूसुरुंगावर पडतो. त्याला जागचे हलता येत नाही आणि ती धूम ठोकते. पहारेकरी शिपाई चौकीत चोरून दक्षिणेकडचीच मालिका पाहण्यात दंग असतो. शत्रुराष्ट्राची करमणूक कुंपण ओलांडून आधीच पोहोचली आहे, हे लेखिका एका दृश्यात दाखवते.

या प्रसंगामागची सरहद्द खरी आहे. कोरियन युद्ध २७ जुलै १९५३ च्या शस्त्रसंधीने थांबले. शांतता करार आजवर झालेला नाही. दोन्ही देशांमधला निर्लष्करी पट्टा सुमारे २५० किलोमीटर लांब आणि ४ किलोमीटर रुंद आहे. कथेचे बीजही प्रत्यक्षातले : २००८ मध्ये अभिनेत्री जंग यांगची बोट धुक्यात भरकटून उत्तरेच्या सागरी हद्दीत गेली होती.

कोल्हापूरकराला सीमावाद नवा नाही; त्याचा वाद महाराष्ट्र-कर्नाटक सीमेचा. राजारामपुरीतून निघून कागल, दूधगंगेचा पूल ओलांडला की कोगनोळी नाका आणि पुढे निपाणी. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपासून हा वाद धुमसतो आहे. आंदोलन पेटले की नाक्यावर अडवाअडवी होते, एसटी थांबते. तरी दोन्हीकडचा रोटीबेटी व्यवहार कधी तुटला नाही. कोरियात मात्र पत्र धाडायचीसुद्धा सोय नाही. त्यामुळे इथल्या प्रेक्षकाला से-रीची कोंडी अधिकच जाचते.

वावटळीचा योगायोग ताणलेला आहे, हे मान्य करावे लागते. पण त्यानंतर पटकथा कुठेही सैल पडत नाही. मालिका १६ भागांत, १६ फेब्रुवारी २०२० रोजी संपली. ह्युन बिन आणि सोन ये-जिन यांनी ३१ मार्च २०२२ रोजी लग्न केले.